‘दिवाणी मॅटर आहे, कोर्टात जा’ असं ठाण्यात ऐकल्यावर

प्रश्न एका ताईंचा आहे. थोडक्यात असा: वडिलांच्या नावावर १ हेक्टर २० आर जमीन, अलीकडे त्यात बोअर आणि ठिबक. वडील दोन वर्षांपूर्वी वारले. आई आणि ताई यांची वारस म्हणून नोंद झाली, सातबारावर दोघींचीच नावं आहेत. चुलतभाऊ म्हणतो, निम्मं रान तुझ्या वडिलांनी माझ्या वडिलांना तीस वर्षांपूर्वी तोंडी दिलं होतं. गेल्या महिन्यात त्याने ठिबकची मेन लाइन कापली आणि कोयता घेऊन आईच्या अंगावर धावला, ‘पेरायला आलात तर हात तोडीन’ म्हणाला. ठाण्यात गेल्या तर उत्तर मिळालं, ‘हे दिवाणी मॅटर आहे, कोर्टात जा.’ मोजणी मागवली तर भूकरमापकालाच हुसकावून लावलं. आता ज्वारीची पेरणी तोंडावर आली आहे. त्या विचारतात, आम्हाला पोलीस संरक्षण कसं मिळेल? एसपी साहेबांना अर्ज करू, की थेट हायकोर्टात जाऊ?

ताई, मी सोलापूर जिल्ह्यातल्या एका तालुका न्यायालयात सव्वीस वर्षं वकिली करतो. पेरणीच्या आधी आणि काढणीच्या आधी हा प्रश्न घेऊन दरवर्षी माणसं येतात. बहुतेकांनी तोवर ठाण्याच्या चार-पाच खेपा घातलेल्या असतात आणि प्रत्येक खेपेला हेच एक वाक्य ऐकलेलं असतं. त्यामुळे अर्ज कुठे करायचा हे सांगण्याआधी, ते वाक्य तुमच्या वाट्याला का आलं ते सांगतो. ते कळलं की पुढचा अर्ज वेगळा लिहिला जातो.

‘पोलीस संरक्षण’ हा शब्द आपण एकच वापरतो, पण त्याच्या पोटात चार वेगवेगळ्या मागण्या असतात. पहिली, माझ्या जिवाला धोका आहे, मला वाचवा. दुसरी, सरकारी मोजणी होताना बंदोबस्त द्या. तिसरी, कोर्टाने हुकूम दिला आहे, तो समोरचा मोडतोय, तो पाळला जाईल असं बघा. आणि चौथी, जमीन माझी आहे, पोलीस पाठवून त्याला रानातून बाहेर काढा. पहिल्या तीन मागण्या कायद्यात बसतात. चौथी बसत नाही, कुठल्याही पोलीस अधिकाऱ्याला ती पूर्ण करता येत नाही. अडचण अशी की ठाण्यात येणारे बरेच जण चौथ्याच मागणीसाठी आलेले असतात. म्हणून तुम्ही ‘संरक्षण द्या’ म्हणालात की अंमलदाराच्या कानावर चौथीच मागणी पडते. तुम्हाला खरं तर आज पहिली हवी आहे, दोन-तीन आठवड्यांनी तिसरी लागेल, आणि दुसरी थोडी थांबू शकते.

पोलिसांची बाजूही समजून घ्या. त्यांच्यासमोर दोन घरं उभी असतात आणि दोघांच्या हातात कागद असतात. सातबारा हा मालकीचा अंतिम पुरावा नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १५७ प्रमाणे त्यावरची नोंद खरी मानली जाते, पण उलट सिद्ध होईपर्यंतच, आणि ते सिद्ध झालं की नाही हे ठरवणार कोर्ट. फौजदाराने एकाच्या बाजूने बांध रेटला तर उद्या चौकशी त्याचीच लागते. इथपर्यंत त्यांचं म्हणणं बरोबर आहे. पण कोयता उगारणं दिवाणी नाही. पाइप कापणं दिवाणी नाही. जमीन कोणाचीही ठरो, ही कृत्यं गुन्हाच राहतात. ‘दिवाणी मॅटर’ हे उत्तर तुमच्या जमिनीला लागू पडतं, तुमच्या आईला लागू पडत नाही.

म्हणून पहिलं काम तक्रार नव्याने लिहिण्याचं. काही वर्षांपूर्वी माझ्याकडे एक डाळिंब बागायतदार आले होते. त्यांनी ठाण्यात दिलेला अर्ज नऊ पानांचा होता. सुरुवात पणजोबांपासून, मग कुळकायदा, मग वाटणी, मग फेरफार, म्हणजे सातबारावरच्या हक्कबदलाच्या नोंदी, आणि मारहाणीचा उल्लेख आठव्या पानावर. वाचणाऱ्याने पहिली दोन पानं वाचून ‘दिवाणी स्वरूपाचे’ असा शेरा मारला होता. आम्ही तोच अर्ज पाऊण पानात लिहिला. तारीख, वेळ, जागा, कोण आलं, हातात काय होतं, तोंडून नेमके कोणते शब्द निघाले, काय मोडलं, किती नुकसान झालं, कोणी पाहिलं. जमिनीबद्दल फक्त एक वाक्य: ‘सदर जमीन आमच्या वहिवाटीत आहे, उतारा सोबत जोडला आहे.’ गुन्हा त्याच आठवड्यात दाखल झाला.

तुमच्या बाबतीत दोन गोष्टी ठळक लिहा. पहिली, पाइप. ठिबकची लाइन कापून शेतीचं पाणी तोडणं ही साधी नासधूस धरली जाऊ नये. शेतीला मिळणारं पाणी कमी होईल असं नुकसान करणं भारतीय न्याय संहितेच्या कलम ३२६ मध्ये वेगळं सांगितलं आहे, त्याला पाच वर्षांपर्यंत शिक्षा आहे आणि तो दखलपात्र गुन्हा आहे, म्हणजे पोलिसांना कोर्टाच्या परवानगीशिवाय तपास करता येतो. साध्या नुकसानीचं कलम लावलं तर बऱ्याचदा अदखलपात्र नोंद, म्हणजे एन.सी., हातात पडते आणि तपास होत नाही. बहुतेक तक्रारींत ‘पाइप कापला’ एवढंच असतं, ‘त्यामुळे पिकाचं पाणी बंद झालं’ हे वाक्य नसतं. ते लिहा. दुसरी, तुमच्या वहिवाटीच्या रानात घुसून धमकावणं. गुन्हेगारी अतिक्रमणाचं कलम ३२९ आणि धमकीचं ३५१. कलमं शेवटी पोलीस ठरवतात, पण हकीकत अशी लिहा की ती कलमं तिच्यातून आपोआप दिसतील. तुम्ही अनुसूचित जाती किंवा जमातीच्या असाल आणि समोरचा नसेल, तर जमीन बळकावण्याबद्दल अत्याचार प्रतिबंधक कायद्यात स्वतंत्र तरतूद आहे. चुलतभावाच्या बाबतीत ते लागू होणार नाही, पण दुसऱ्या कोणी त्याला पुढे केलं असेल तर हे लक्षात असू द्या.

ठाण्यात घेतलं नाही तर भांडत बसू नका. तक्रार पोलीस अधीक्षकांना लेखी पाठवा, नोंदणीसह स्पीड पोस्टाने. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं, म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्याचं, कलम १७३ पोटकलम ४ तो मार्ग देतं. तिथूनही काही झालं नाही तर प्रतिज्ञापत्रासह न्यायदंडाधिकाऱ्यांकडे कलम १७५ पोटकलम ३ खाली अर्ज. अधीक्षकांना अर्ज केल्याशिवाय हा शेवटचा दरवाजा उघडत नाही, म्हणून पोस्टाची पावती जपून ठेवा. अंगावर कोणी धावून आलं तर त्या क्षणी ११२ लावा. गाडी यायला वेळ लागेल, पण कॉलची नोंद राहते, तारीख-वेळेसह. सहा महिन्यांनी कोर्टात ‘तेव्हा काहीच घडलं नव्हतं’ असं समोरचा म्हणतो, तेव्हा ती नोंद बोलते.

आता जमिनीकडे वळतो. इथे मी ‘परिस्थितीवर अवलंबून’ असं म्हणणार आहे, आणि टाळाटाळ म्हणून म्हणत नाही. दोन प्रश्नांच्या उत्तरांवर तुमचा सगळा मार्ग बदलतो.

पहिला प्रश्न: आज त्या निम्म्या रानात प्रत्यक्ष वहिवाट कोणाची आहे? मालकी नाही विचारत, वहिवाट विचारतोय. गेल्या रब्बीत कोणी पेरलं, कोणी काढलं, वीजबिल कोण भरतं, पीककर्ज कोणाच्या नावावर आहे. तुम्हीच कसत असाल आणि तो फक्त अडवत असेल, तर तुमची बाजू भक्कम आहे. तोंडी विक्रीला कायदा विचारत नाही: शंभर रुपये किंवा त्याहून जास्त किमतीच्या स्थावराची विक्री नोंदणीकृत दस्ताशिवाय होत नाही, हे मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५४ मध्ये १८८२ पासून लिहिलेलं आहे. वारस म्हणूनही तुमच्या दोघींच्या पुढे चुलतभाऊ येत नाही. हिंदू वारसा कायद्यात बायको आणि मुलगी पहिल्या वर्गातल्या वारस आहेत, पुतण्या दुसऱ्या वर्गातला, आणि पहिल्या वर्गात कोणीही हयात असेल तर दुसऱ्या वर्गाला काहीच मिळत नाही. गावात ‘पोरीला कसला हिस्सा’ असं कोणी म्हणालं तर ऐकून घेऊ नका.

पण जर तो खरोखरच तीस वर्षं निम्मं रान कसत आला असेल, आणि तुम्ही सातबाराच्या जोरावर आता पहिल्यांदाच आत जाऊ पाहत असाल, तर गोष्ट पूर्ण उलटी होते. सर्वोच्च न्यायालयाने रामे गौडा विरुद्ध वरदप्पा नायडू या खटल्यात सांगितलं आहे की स्थिरावलेला ताबा खऱ्या मालकालाही बळजबरीने काढता येत नाही, कायद्याच्या मार्गानेच काढावा लागतो. मग तुम्हाला ताबा मागण्याचा दावा लावावा लागेल, आणि बारा वर्षांच्या मुदतीचा मुद्दा तो नक्की काढेल. त्या परिस्थितीत कुठलाही पोलीस बंदोबस्त तुम्हाला त्या रानात नेऊन सोडणार नाही. ही गोष्ट कटू आहे, पण माझ्याकडे येणाऱ्या प्रत्येकाला मी ती पहिल्याच भेटीत सांगतो, कारण नंतर कळली तर दोन वर्षं आणि बरेच पैसे गेलेले असतात.

दुसरा प्रश्न: वडिलांचं एकट्याचं नाव सातबाऱ्यावर कशाने आलं? वाटणीचा फेरफार झाला होता का? तो फेरफार क्रमांक शोधून त्याची नक्कल काढा. जमीन अजून सामाईक असती तर सहहिस्सेदाराविरुद्ध मनाई मिळवणं फार अवघड गेलं असतं, आधी वाटपाचा दावा करावा लागला असता. तुमच्या लिहिण्यावरून क्षेत्र वेगळं झालेलं दिसतं, पण कागद पाहिल्याशिवाय मी ते गृहीत धरणार नाही.

वहिवाट तुमची आहे असं समजून पुढे सांगतो.

दिवाणी न्यायालयात निरंतर मनाईचा, म्हणजे समोरच्याला हरकत करायला कायमची बंदी मागणारा, दावा लावायचा आणि त्याच दिवशी निकालापर्यंतच्या बंदीसाठी तूर्तातूर्त मनाईचा अर्ज द्यायचा. आमच्याकडे त्याला ‘निशाणी ५’ म्हणतात. दाव्याचा निकाल लागायला वर्षं जातात, पण तुमची पेरणी निशाणी ५ वर अवलंबून आहे, म्हणून सगळी ताकद तिथे लावा. धोका तातडीचा असेल तर समोरच्याला ऐकण्यापूर्वीही एकतर्फी हुकूम मिळू शकतो. तसा हुकूम मिळाला तर दाव्याच्या नकला नोंदणीसह स्पीड पोस्टाने त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी पाठवून तसं प्रतिज्ञापत्र द्यावं लागतं. हे राहून गेलं की मिळालेला हुकूम उठू शकतो, आणि असे हुकूम उठताना मी पाहिले आहेत. चुलतभावाने आधीच कॅव्हेट, म्हणजे ‘मला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नये’ असा अर्ज, लावलं असेल तर त्याला नोटीस द्यावीच लागेल. कॅव्हेट नव्वद दिवस चालतं. वकिलांना ते आधी तपासायला सांगा.

हुकूम मागताना एका गोष्टीवर अडून बसा: चतुःसीमा आणि नकाशा. एकदा माझ्या पक्षकाराला चांगला हुकूम मिळाला होता. गट नंबर होता, क्षेत्र होतं, प्रतिवादीने हरकत करू नये असं स्वच्छ लिहिलं होतं. फौजदार हुकूम घेऊन रानात आले आणि विचारलं, कुठून कुठपर्यंत? गट साडेचार हेक्टरचा, त्यात पाच वाटे, मध्ये दोन बांध, त्यातला एक नांगरून मोडलेला. त्यांनी हुकूम दोनदा वाचला आणि परत गेले, आणि त्यांचं काही चुकलं नाही. त्या दिवसापासून मी प्रत्येक मनाई अर्जासोबत हाताने काढलेला कच्चा नकाशा जोडतो. पूर्वेला कोण, पश्चिमेला कोण, बोअर कुठे, कडुनिंब कुठे, पाइपलाइन कुठून जाते. हुकुमात ‘सोबतच्या नकाशात दाखवलेले’ असे शब्द यावेत अशी विनंती करतो. रानात उभ्या असलेल्या हवालदाराला कडुनिंब दिसतो, ‘दक्षिणेकडील १ हेक्टर २० आर’ दिसत नाही.

हुकूम मिळाल्यावर तो मोडला गेला, किंवा मोडला जाणार हे स्पष्ट दिसत असेल, तर त्याच कोर्टात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली पोलीस मदतीचा अर्ज करायचा. तुम्ही ज्याला संरक्षण म्हणता त्याचा खरा दरवाजा हा आहे. अशी मदत देण्याचा अधिकार दिवाणी न्यायालयाला आहे हे सर्वोच्च न्यायालयाने मीरा चौहान विरुद्ध हर्ष बिश्नोई या खटल्यात स्पष्ट केलं आहे. अर्जात तारीखवार लिहा: अमुक दिवशी हुकूम बजावला, अमुक दिवशी पेरायला गेलो, अमुक प्रकारे अडवलं. एन.सी.ची नक्कल, ११२ च्या कॉलची तारीख, फोटो, बांधाला बांध असलेल्या शेजाऱ्याचं प्रतिज्ञापत्र जोडा. कोर्टाची खात्री पटली तर ठाण्याच्या प्रभारी अधिकाऱ्यांना उद्देशून हुकूम निघतो. बंदोबस्ताचा खर्च बहुधा तुम्हालाच भरावा लागतो, त्याची तयारी ठेवा. हुकुमाची प्रमाणित नक्कल ठाण्यात देऊन आवक शिक्का घ्या, एक प्रत उपविभागीय पोलीस अधिकाऱ्यांना द्या. तेव्हा तेच ठाणे अंमलदार ‘दिवाणी मॅटर’ म्हणत नाहीत. त्यांच्या हातात आता तुमची मागणी नसते, कोर्टाचा आदेश असतो, आणि रानात उभं राहायला त्यांनाही आधार मिळतो. याबरोबरच त्याच संहितेच्या आदेश ३९ नियम २-अ खाली हुकूमभंगाचा अर्ज करता येतो. त्यात मालमत्ता जप्ती आहे आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आहे. माझ्या अनुभवात कैद क्वचित होते, पण अर्ज लागला की समोरचा वकील आपल्या पक्षकाराला शांत करतो.

हायकोर्टाबद्दल. थेट रिट, म्हणजे सरकारी यंत्रणेविरुद्ध हायकोर्टात अर्ज, करून पोलीस संरक्षण मागावं असं पुष्कळांना वाटतं, आणि तिथे पैसा फार जातो. २००६ साली पी. आर. मुरलीधरन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने याची मर्यादा घालून दिली: दिवाणी न्यायालयाने हक्क ठरवला असेल, निदान अंतरिम टप्प्यावर तरी स्पष्टपणे ठरवला असेल, तर त्याच्या रक्षणासाठी रिट चालेल. हक्कच अजून वादात असेल तर रिटच्या आडून तो ठरवून घेता येणार नाही. म्हणजे आज गेलात तर ‘दिवाणी कोर्टात जा’ हेच उत्तर हायकोर्टातूनही मिळेल. हातात हुकूम असूनही ठाणं हलत नसेल, तेव्हा हायकोर्टाचा विचार करा.

एसपींकडे कायमचा हवालदार मागण्याबद्दलही खरं सांगतो. अर्ज जरूर करा, नोंद होते, धोक्याची पडताळणी होते. पण घरगुती जमिनीच्या वादात व्यक्तीसाठी शिपाई नेमल्याचं मी माझ्या तालुक्यात पाहिलेलं नाही. त्यातून मिळतं ते गस्तीत तुमची वस्ती येणं, बीट हवालदाराचा नंबर, आणि समोरच्याला ठाण्यात बोलावून दिलेली समज. हेही कमी नाही. विशेषतः आई एकट्या वस्तीवर राहत असतील तर गस्तीची मागणी स्पष्ट शब्दांत करा.

तहसीलदारांकडेही एक काम आहे. ते तालुका दंडाधिकारी असतात. चुलतभावावर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १२६ खाली शांतता राखण्याचं बंधपत्र घ्यावं असा प्रस्ताव ठाण्याने पाठवावा अशी मागणी तक्रारीतच करा. ठाण्यात याला अजून ‘चॅप्टर १०७’ म्हणतात. १ जुलै २०२४ पासून कलमांचे आकडे बदलले, बोलण्यातले जुनेच राहिले. धमकावणाऱ्याला तारखेला तहसीलमध्ये उभं राहावं लागणं, याचा गावात जो परिणाम होतो तो मी मोठ्या खटल्यांतही क्वचित पाहिला आहे.

कलम १६४, म्हणजे जुनं १४५, मात्र विचार करून वापरा. त्यात दंडाधिकारी मालकी बघत नाहीत, फक्त प्रत्यक्ष ताबा कोणाचा ते बघतात. गेल्या दोन महिन्यांत कोणी तुम्हाला बळाने हुसकावलं असेल तर ताबा तुमचाच होता असं धरता येतं, ही मोठी सोय आहे. धोका असा की ताबा ठरवता येत नाही किंवा तातडी आहे असं वाटलं तर जमीन जप्त करून ताब्यात घेता येते, आणि मग हंगाम दोघांचाही जातो. दिवाणी दावा चालू असून त्यात ताब्याबद्दल हुकूम मिळत असेल तर हा समांतर मार्ग चालू ठेवू नये असं सर्वोच्च न्यायालयाचंही मत आहे. तुम्हाला हुसकावलं गेलं असेल आणि दोन महिने उलटून गेले असतील, तर विशिष्ट अनुतोष अधिनियमाचं कलम ६ सहा महिन्यांपर्यंत उपयोगी पडतं. त्यात मालकी सिद्ध करावी लागत नाही, ताबा होता आणि तो बेकायदा काढला एवढंच दाखवायचं.

आता एका कागदाबद्दल सावध करतो. तुमच्या तक्रारीनंतर ठाण्यातून दोन्ही बाजूंना नोटीस येईल, कलम १६८ ची, जुन्या १४९ ची. तीत बहुधा ‘वादग्रस्त जमिनीत कोणीही जाऊ नये, अन्यथा कारवाई होईल’ अशा अर्थाचा मजकूर असतो. ती हाती पडली की साधी माणसं पेरणी सोडून देतात.

यात माझी चूक सांगतो. वकिलीच्या सुरुवातीच्या काळात एक विधवा बाई अशीच नोटीस घेऊन माझ्याकडे आल्या. मी म्हणालो, मावशी, उगाच वाद नको, एवढा हंगाम जाऊ द्या, आपण दावा लावू. त्या थांबल्या. समोरच्याने महिनाभराने रात्रीत ट्रॅक्टर घालून पेरलं आणि त्या साली पीकपाहणीत त्याच्या वहिवाटीची नोंद घेतली गेली. दाव्यात तीच नोंद आमच्या अंगावर आली. रान परत मिळायला सात वर्षं लागली, आणि त्यातलं पहिलं वर्ष माझ्या सल्ल्याने गेलं. वाफसा, म्हणजे पेरणीजोगी ओल, चार दिवस असतो, कोर्टाची तारीख महिन्याने पडते, हा हिशेब मी तेव्हा केला नव्हता. ती नोटीस शांतता राखण्याची समज असते. पोलिसांना तिच्यातून कोणाची वहिवाट काढून घेता येत नाही. तिला लेखी उत्तर द्या: ‘आम्ही शांतता राखू, परंतु जमीन आमच्या वहिवाटीत असून आम्ही अमुक तारखेच्या सुमारास पेरणी करणार आहोत, त्या वेळी अनुचित प्रकार घडू नये याची दखल घ्यावी.’ आवक शिक्का घ्या.

पेरल्यावर ई-पीक पाहणीच्या ॲपवर मुदतीत नोंद करा, रानात उभं राहून फोटोसह. खातेदार तुम्ही दोघी आहात, नोंद तुम्हीच करू शकता. बियाण्याची आणि खताची पावती तुमच्या नावाची घ्या, ट्रॅक्टरवाल्याकडून पैसे दिल्याची चिठ्ठी घ्या. वहिवाटीचा पुरावा अशा चिठ्ठ्याचपाट्यांतूनच उभा राहतो.

मोजणी मी मागे ठेवायला सांगितली, त्याचं कारण असं. बंदोबस्तात मोजणी होऊ शकते. भूमी अभिलेख कार्यालयातून पत्र घेऊन, शुल्क भरून ठाण्यातून माणसं मिळतात. पण मोजणीने हद्द कळते, ताबा मिळत नाही. भूकरमापक खुणा दाखवून मोजणी नकाशाची ‘क’ प्रत देतील आणि जातील. खुणेपलीकडे तो कसत असेल तर त्याला हटवायला पुन्हा कोर्टच. शिवाय तुमचा वाद सध्या हद्दीचा नाही, निम्म्या रानावरच्या हक्काचा आहे. दावा लावल्यावर गरज पडली तर कोर्टाकरवीच भूमी अभिलेख अधिकाऱ्यांना कमिशनर नेमून मोजणी मागा. मग तिला हरकत घेणं म्हणजे कोर्टाच्या कामाला हरकत घेणं होतं.

बंदोबस्त मिळाल्याच्या दिवशी काय करू नये, तेही सांगतो. त्याचं काहीही मोडू नका. माझ्या एका पक्षकाराने, हुकूम पेरणीत अडथळा न करण्याचा असताना, पोलीस आहेत म्हणून समोरच्याची तारेची कुंपणं आणि कडवळ उपटून टाकलं. फौजदारांनी तिथेच पंचनामा केला आणि गुन्हा माझ्या पक्षकारावर नोंदला. हुकुमात जेवढं लिहिलं आहे तेवढंच करायचं. भाऊबंद गोळा करून नेऊ नका. पेरणारे दोन-तीन जण, तुम्ही दोघी आणि मोबाइलवर चित्रीकरण करणारा एक, एवढे पुरे. आणि ‘ताबा मिळवून देतो’ म्हणणारी माणसं तुमच्याकडे येतील, कदाचित आलीही असतील. त्यांना दारातूनच परत पाठवा. त्यांनी केलेल्या प्रत्येक कृत्याचा गुन्हा तुमच्या नावावर लागतो, आणि पुढे ते तुमच्याच रानात ठाण मांडतात.

एवढ्यात कामांचा क्रम हरवू नये म्हणून एकदा सांगतो. या आठवड्यात पाऊण पानाची नवी तक्रार आणि अधीक्षकांना प्रत. त्याच आठवड्यात फेरफाराची नक्कल, गेल्या पाच-सात वर्षांचे पीकपाहणीसह उतारे, वीजबिलं. पुढच्या आठवड्यात दावा आणि निशाणी ५, नकाशासह. हुकूम मिळाला की बजावणी, आणि अडवलं की कलम १५१ चा अर्ज. हुकूम यायच्या आधी वाफसा आला आणि वहिवाट तुमचीच असेल, तर ठाण्याला लेखी कळवून, चार भरवशाची माणसं सोबत घेऊन दिवसाउजेडी पेरा. मात्र त्या दिवशी तो हत्यार घेऊन उभा असेल तर मागे फिरा आणि ११२ लावा. एक हंगाम परत मिळवता येतो.

वकिलाच्या फीची काळजी तुम्ही लिहिली नाही, पण असणार. कायदेशीर सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना मोफत वकील मिळतो, त्याला उत्पन्नाची अट नाही. तुमच्या तालुका न्यायालयाच्या आवारातच विधी सेवा समितीचं कार्यालय असेल, नाहीतर १५१०० वर फोन करा. तुम्ही आणि आई दोघीही पात्र आहात. जाताना आधार कार्ड, सातबारा, आठ-अ आणि ठाण्यात दिलेल्या जुन्या अर्जाची पोच घेऊन जा. पोच घेतली नसेल तर त्याच दिवशी नवी तक्रार देऊन ती घ्या. आणि ताई, आईला ठाण्यात एकटीला पाठवू नका. ‘आपसात मिटलं आहे, तक्रार नाही’ अशा मजकुरावर तिथे सह्या-अंगठे घेतले जातात. आई तक्रारीच्या मुख्य साक्षीदार आहेत. वाचून दाखवल्याशिवाय त्यांनी कशावरही अंगठा करायचा नाही, हे त्यांना आज रात्रीच सांगा.